पिवळ्या रेघेच्या अलीकडे

“तू आत येऊ नकोस,” सासूबाई दारातूनच म्हणाल्या. “बाळाला घेऊन तिथेच थांब. मी आधी बघते.”

कोर्टाच्या तळमजल्यावर, जिन्याच्या पोटात, बायकांचा संडास होता. सून बाळाला छातीशी धरून बाहेर उभी राहिली आणि तोंडाने श्वास घेऊ लागली. नाकाने घेतला असता तर पोटात होतं नव्हतं ते बाहेर पडलं असतं. भिंतीचा कोपरा माणसांनी थुंकून थुंकून काळा केला होता. उंबऱ्याशी पाणी तुंबलं होतं आणि त्यात कसल्यातरी अर्जाचा लगदा तरंगत होता. त्यावरचा गोल शिक्का अजून ओळखू येत होता. बाळाला मात्र सगळंच नवीन. त्याला ती भिंत हात लावून बघायची होती. सुनेने त्याच्या दोन्ही मुठी आपल्या एका मुठीत आवळून धरल्या.

आतून नळाचा खरखराट आला, मग बादली उपडी केल्याचा आवाज, मग खराटा. बराच वेळ खराटा. मग सासूबाई बाह्या वर सारलेल्या अवस्थेत बाहेर आल्या.

“जा आता. कडी लागत नाही, मी दाराला पाठ लावून उभी राहते. त्याचा लंगोट बदलून घे. खाली काही टेकवू नकोस.”

“आई, तुम्ही घासलंत?”

“मग तशीच जाणार होतीस?”

“अहो, पण कोर्टाने माणसं ठेवली असतील ना याला.”

“ठेवली असतील. त्यांनाही पुढची तारीख पडली असेल.”

सासूबाई अशाच होत्या. साथीच्या रोगांच्या रुग्णालयात मागच्या वॉर्डांमध्ये त्यांची सगळी नोकरी गेली. ओकारी, पू, सडलेली बोटं, मेलेल्या माणसाखालची चादर, काही म्हणून त्यांनी नाकाला पदर न लावता उचललं होतं. देव माणूस घडवताना किळस घालायचा एक टप्पा असतो म्हणतात, त्या दिवशी बहुधा त्या रांगेतून उठून कुणाला तरी पाणी पाजायला गेल्या असाव्यात. सुनेचं अगदी उलट. तिला दुसऱ्याने चाटलेला चमचा नुसता दिसला तरी घशाशी यायचं. बाळ महिन्याचं असताना त्याचं पोट बिघडलं, तेव्हा ती रडकुंडीला येऊन डॉक्टरांचा नंबर शोधत होती आणि सासूबाईंनी तो लंगोट उचलून शांतपणे हुंगला होता. “आंबूस नाही,” त्या म्हणाल्या होत्या, “घाबरू नकोस. दात येतायत त्याला स्वप्नात.” सुनेला त्या क्षणी त्यांचा राग आला होता आणि त्यांच्या गळ्यात पडावंसंही वाटलं होतं.

वर, कोर्टाच्या दालनाबाहेरच्या लांब व्हरांड्यात, गोळी सिस्टर वाट बघत होत्या. नोकरीत असताना रुग्णाने गोळी गिळली की नाही हे त्याला जीभ वर करायला लावून बघायच्या, म्हणून हे नाव. खटला इतका रेंगाळला होता की निवृत्त नर्सनी तारखांच्याही पाळ्या लावून घेतल्या होत्या. एकीने सकाळी येऊन खटल्यांच्या फळ्यावर लक्ष ठेवायचं, दुसरीने मागाहून येऊन तिला सोडवायचं. वॉर्डात पाळी बदलताना जाणारी येणारीला खाटेखाटेची खबर देते, त्याला त्या ओव्हर म्हणायच्या. इथेही ओव्हर दिल्याशिवाय कुणी घरी जात नसे.

“घे ओव्हर,” गोळी सिस्टर म्हणाल्या. “आधीचा जमिनीचा खटला चालू आहे, दोघे भाऊ आहेत, दोघेही खोटं बोलतायत. त्यानंतर आपण. वकीलबाईंचा घसा बसलाय, गरम पाणी दिलंय. न्यायाधीश नवीन आहेत, पण ऐकून घेतात. आज निकाल लावतील असं वकीलबाई म्हणतायत. आणि चिमटा आलाय.”

“चिमटा?”

“तोच. खिडकीतला. आता विभागाचा मोठा साहेब झालाय. केस काळे केलेत, मिशी करायला विसरलाय.” मग त्यांनी बाळाकडे बघितलं. “आणि याला कशाला लावलीस ड्यूटी?”

“घरी ठेवायचं कुणापाशी?” सासूबाई म्हणाल्या. “त्यासाठीच तर आलोय.”

हे खरं होतं. सुनेची बाळंतपणाची रजा महिनाअखेर संपत होती. तिने नोकरीवर परत जायचं तर बाळाला सांभाळायला घरात माणूस हवं, आणि घरातलं माणूस रोज सकाळी उठून दुसऱ्याच्या घरी जात होतं. निवृत्तिवेतनात भागत नाही म्हणून सासूबाई या वयात एका लकवा झालेल्या म्हाताऱ्याला पुसायला, वळवायला, त्याच्याखालचं काढायला जात. त्या घरची सून दाराशी उभी राहून, नाकावर रुमाल धरून सूचना देत असे. एकदा तिने सासूबाईंना वेगळा पेला दाखवला होता. सासूबाईंनी हे घरी सहज सांगितलं. सुनेचं जेवण त्या दिवशी ताटातच राहिलं.

वाढीव पेन्शन मिळाली तर सासूबाई ते काम सोडणार होत्या. बाळ आजीजवळ, सून नोकरीवर, म्हाताऱ्यासाठी त्या घरच्यांनी दुसरी बाई बघावी. इतकं साधं होतं. पाळणाघरं सुनेने बघितली होती. एका ठिकाणी तीन पोरांचं तोंड एकाच फडक्याने पुसताना तिने डोळ्यांनी बघितलं आणि तिथूनच मागे फिरली.

बाकावर बसायच्या आधी तिने तो पुसला. मग विचारलं, “चिमटा कोण, आई?”

“ऑफिसच्या खिडकीतला कारकून होता. आमचा पगार, कागद, सगळं त्या खिडकीतून. आमच्या हातचा कागद तो चिमट्याने धरायचा आणि पत्र्याच्या पेटीत टाकून उन्हात ठेवायचा. पगाराचं पाकीटही चिमट्यानेच पुढे करायचा.”

“शी.”

“शी काय त्यात? बरोबरच होतं. साथ होती.”

खटल्याची गोष्ट सुनेला तोंडपाठ होती. रुग्णालयाचे दोन भाग होते: पुढे ऑफिस, मागे वॉर्ड, मध्ये आवार. आवारात, ऑफिसच्या खिडकीच्या अलीकडेच, जमिनीवर एक पिवळी रेघ होती. वॉर्डातल्या माणसाने रेघेपलीकडे यायचं नाही. मोठी साथ चालू होती, नर्स महिनोन् महिने मागेच राहत होत्या, आणि नेमक्या त्याच दिवसांत ऑफिसच्या आतल्या भिंतीवर एक सूचना लागली. पेन्शन पगाराच्या ठरावीक मर्यादेवर न मोजता पूर्ण पगारावर मोजून हवी असेल त्यांनी मुदतीत लेखी कळवावं. पुढच्या भागातल्या फाटकावरच्या पहारेकऱ्यापासून सगळ्यांनी कळवलं. मागच्या एकीनेही नाही. मुदत संपली, सूचना काढली, साथ संपली, बायका निवृत्त झाल्या. मग कळलं की पहारेकऱ्याची पेन्शन हेडसिस्टरपेक्षा जास्त आहे. विभागाचं एकच उत्तर: सूचना भिंतीवर होती, तुम्ही वाचली नाहीत.

व्हरांड्याच्या दुसऱ्या टोकाला तेच, विभागाचे साहेब उभे होते. गोरेगोमटे, इस्त्रीचे कपडे, हातात खटल्याची फाईल. फाईलच्या कोपऱ्यातून कागदाचा एक तुकडा फाडून त्याची सुरळी करून ते दात कोरत होते. सुरळी बाहेर काढून तिच्याकडे बघत, पुन्हा आत घालत. मग त्याच बोटांना जीभ लावून त्यांनी फाईलचं पान उलटलं. सुनेने मान फिरवली.

“काय सिस्टर, तब्येत ठीक?” त्यांनी लांबूनच विचारलं.

“ठीक. तुमची?”

“साखर वाढलीय जरा.”

“पायाला जखम होऊ देऊ नका,” सासूबाई म्हणाल्या. “रोज रात्री तळवे बघायचे.”

“आई,” सून दबक्या आवाजात म्हणाली, “तो तुमच्याविरुद्ध आलाय.”

“मग तळवे बघायचे नाहीत का त्याने?”

गोळी सिस्टर घरी जाणार होत्या, पण गेल्या नाहीत. निकालाच्या दिवशी कोण जातं? तेवढ्यात दालनाच्या दाराशी त्यांच्या खटल्याचा पुकारा झाला.

आत पंखे फिरत होते आणि हवा तशीच होती. सून सगळ्यात मागच्या बाकाच्या टोकाला बसली, बाळ रडलं तर चटकन बाहेर जाता यावं म्हणून. बाळाने तिच्या खांद्याचं कापड तोंडात धरलं आणि ते चावत बसलं. समोरच्या बाकाच्या पाठीवर कुणीतरी शेंबूड पुसून वाळवला होता. तिने आपले गुडघे आखडून घेतले.

वकीलबाई बसक्या आवाजात बोलल्या, पण चांगल्या बोलल्या. “साहेब, पुढच्या इमारतीतल्या एकाही माणसाची मुदत चुकली नाही, आणि मागच्या वॉर्डातल्या एकीलाही ती गाठता आली नाही. इतक्या सगळ्या बायका एकाच वेळी झोपी गेल्या होत्या का? की मधे काहीतरी होतं? मधे रेघ होती साहेब. विभागानेच यांना रेघेमागे ठेवलं आणि आता विभागच विचारतोय, पुढे का आला नाहीत.”

न्यायाधीशांनी चष्मा काढला. “याला काही उत्तर आहे?” त्यांनी विभागाच्या वकिलांना विचारलं. त्या आवाजात असं काही होतं की गोळी सिस्टरनी सासूबाईंच्या मांडीवर हळूच चापट मारली. सुनेला वाटलं, झालं. जमलं. तिच्या डोळ्यांपुढे आपल्या घरातली दुपार उभी राहिली. खिडकीशी आजी, मांडीवर बाळ.

विभागाचे वकील काटकुळे होते आणि प्रत्येक वाक्याआधी घसा खाकरून तो ऐवज गिळत होते. “बंदीचा एकही लेखी आदेश नाही, साहेब. दाखवावा त्यांनी. राहिली रेघ. आम्ही फोटो जोडलाय. ती गाड्या उभ्या करण्यासाठी आहे.”

“गाड्या?”

“आजही तिथे गाड्याच उभ्या राहतात.”

दालनात कुणीतरी हसलं. सून हसली नाही. विभागाच्या साहेबांना उठवण्यात आलं.

“तुम्ही त्या काळात तिथे होतात?” न्यायाधीशांनी विचारलं.

“होतो साहेब. अगदी कनिष्ठ पदावर.”

“नर्सना ऑफिसात यायची मनाई होती?”

“छे, छे. मनाई कसली? आम्ही सगळे एका कुटुंबासारखे होतो.”

सुनेच्या तोंडात आंबट पाणी आलं. आवंढा गिळला तरी ते जाईना. ती साहेबांच्या बोटांकडे बघत होती. गुबगुबीत, स्वच्छ नखांची बोटं, आता पोटावर एकमेकांत गुंफलेली. संडासाच्या भिंतीकडे बघताना तिला जे झालं नव्हतं ते आता होत होतं. ती घाण निदान आपण घाण आहोत हे लपवत तरी नव्हती.

“अर्जदारांपैकी कुणी हजर आहे?” न्यायाधीश म्हणाले.

सासूबाई उठल्या. वकिलांच्या टेबलापासून चांगल्या हातभर अंतरावर थांबल्या.

“पुढे या.”

“इथून ऐकू येतंय, साहेब.”

“बरं. मला एवढंच सांगा. ऑफिसात जायला तुम्हाला कुणी अडवलं होतं?”

वकीलबाईंनी पेनचं टोपण लावलं, काम संपल्यासारखं. एक शब्द हवा होता. होय. खोटाही ठरला नसता. गोळी सिस्टरचे ओठ तो शब्द बोलतच होते. सुनेने बाळाच्या डोक्यावर हनुवटी दाबली आणि मनात म्हटलं, म्हणा, आई, होय म्हणा आणि चला घरी.

“अडवायची वेळ कधी आलीच नाही,” सासूबाई म्हणाल्या. “आम्ही गेलोच नाही.”

“म्हणजे?”

“वॉर्डातून उठलेलं माणूस माणसांत जात नाही, साहेब. ऑफिसात बायका होत्या. कुणाची मुलं लहान, एकीला दिवस गेलेले. अंगावर वॉर्ड घेऊन तिथे कोण जाईल?”

“पण ती रेघ. ती गाड्यांसाठी होती की तुमच्यासाठी?”

“गाड्यांसाठी कशी असेल? तेव्हा गाडी होती कुणाकडे?” सासूबाईंना तो प्रश्नच विचित्र वाटलेला दिसला. “आमच्यासाठीच होती.”

वकीलबाई सुटकेने पुढे सरसावल्या. न्यायाधीशांनी हात वर करून त्यांना थांबवलं.

“विभागापैकी कुणी मारली ती रेघ?”

“मी मारली, साहेब.”

वकीलबाईंनी हळूच खाली बघितलं. त्यांनी हे कधी विचारलंच नव्हतं. रेघ म्हटल्यावर ती वरून आली असणार, हे कुणाला विचारावंसं वाटलं नव्हतं.

“तुम्ही स्वतः?”

“खाटा रंगवून उरलेला रंग होता. ब्रश माझाच.”

“कुणाच्या हुकमाने?”

गोळी सिस्टर बाकावरून अर्धवट उठल्या आणि शेजारच्या माणसाने त्यांना बसवलं. साहेब आपल्या बुटांकडे बघत होते.

“कुणाच्या हुकमाने नाही,” सासूबाई म्हणाल्या. “गरज होती.”

“समजा रेघ नसती, आणि कुणी या म्हटलं असतं. तर गेला असतात?”

“नाही.”

“साहेब, त्यांना म्हणायचंय की...” वकीलबाईंचा घसा तिथेच फाटला.

“त्यांना काय म्हणायचंय ते त्यांनी स्पष्ट सांगितलंय,” न्यायाधीश म्हणाले. त्यांच्या चेहऱ्यावर आनंद नव्हता. हे मान्य करायला हवं. विभागाचे वकील मात्र खाकरले, गिळलं, आणि म्हणाले, “स्वेच्छेने, साहेब. माझं तेवढंच म्हणणं आहे. स्वेच्छेने.”

निकाल तिथल्या तिथे सांगून झाला. अर्जदाराने स्वतः घालून घेतलेल्या मर्यादेचा दोष विभागाला देता येत नाही. न्यायालयाला अर्जदारांच्या सेवेबद्दल आदर आहे. अर्ज फेटाळण्यात येतो. टंकलेखक मान खाली घालून टकटक करत होता आणि आदर या शब्दापाशी त्याचं बोट चुकलं, त्याने तो खोडून पुन्हा मारला.

व्हरांड्यात आल्यावर गोळी सिस्टरचा तोल सुटला.

“अगं, सांगितलं का नाहीस? त्याच्याचसाठी मारलीस ना ती रेघ?” त्यांचा आवाज व्हरांडाभर फिरला. मग त्या सुनेकडे वळल्या. “तुला माहीत नाही ना? हाच चिमटा, त्या वेळी खिडकीशी येऊन रडला होता. सिस्टर, माझी बायको बाळंतीण आहे, तुमच्यातली एकही बाई इकडे येऊ देऊ नका, मी पाया पडतो तुमच्या. पाया म्हणजे खिडकीतूनच हो, लांबून. त्याच दुपारी ही बसली उन्हात रेघ ओढत. मी डबा धरला होता. आणि आज तो उभा राहून सांगतो, कुटुंबासारखे होतो.”

“तेव्हा तो घाबरलेला होता,” सासूबाई म्हणाल्या. “घाबरलेलं माणूस आपल्यापाशी काय बोललं ते असं भरल्या कोर्टात सांगायचं असतं का?”

“तो तुझा पेशंट नव्हता.”

“होताच की. साथीत सगळेच असतात.”

वकीलबाई जवळ आल्या. वरच्या कोर्टात जाता येईल म्हणाल्या, पण ते म्हणताना त्यांनी कुणाच्या डोळ्यांत बघितलं नाही. “एक शब्द हवा होता हो,” त्या कुजबुजल्या. “खोटा नव्हता तो.”

“खोटा नव्हता,” सासूबाईंनी मान्य केलं. “पण कोण अडवणार होतं मला? मीच दुसऱ्यांना अडवायचे.”

सुनेला त्यांचा राग आला. पोटातून, खोल. तिला पाळणाघरातलं ते एकच फडकं आठवलं. नाकावर रुमाल धरलेली ती बाई आठवली. एका शब्दासाठी, आई, असं म्हणायला तिने तोंड उघडलं, आणि तेवढ्यात साहेब आले.

हसतच आले. या वेळी अगदी जवळ. “राग मानू नका, सिस्टर. नोकरी आहे. मलाही वरून फोन असतात.”

“राग नाही.”

“तुम्ही ते, ते खिडकीचं बोलला नाहीत.” त्यांनी आवाज खाली आणला. “मोठं मन आहे तुमचं. मी घरी सांगणार आहे आज. आमचा तो मुलगा आता परदेशी असतो, माहीत आहे? त्याची मुलगीही एवढीच असेल. नातू का तुमचा?” आणि त्यांनी बाळाच्या गालाकडे हात नेला. मघाच्या त्याच बोटांनी.

सून मागे सरकेपर्यंत सासूबाई मधे आल्या होत्या.

“नको,” त्या म्हणाल्या.

“अहो, नुसता...”

“नको. लहान आहे.”

साहेबांचा हात हवेत राहिला, मग त्याने स्वतःचीच कॉलर सारखी केली. सुनेने सासूबाईंचा चेहरा बघितला आणि तोंडातला शब्द तोंडातच राहिला. नाकपुड्या आत ओढलेल्या, ओठ घट्ट मिटलेले, हनुवटी जराशी मागे. हा चेहरा ती रोज आरशात बघत होती. सासूबाईंच्या तोंडावर तिने तो कधी बघितला नव्हता. सडक्या बोटांना, मेलेल्यांच्या चादरींना, मघाच्या त्या संडासालाही जे मिळालं नव्हतं, ते या इस्त्रीच्या माणसाला मिळालं होतं.

“चलतो मग,” साहेब म्हणाले. ते गेले. जिन्याच्या वळणावर त्यांनी सुरळीचा तुकडा खिशातून काढून कोपऱ्यात टाकला.

परतीच्या बसमध्ये दोघी शेजारी बसल्या. बाळ झोपलं होतं आणि त्याच्या वजनाने सुनेचा हात बधिर झाला होता.

“घेता का जरा?” तिने विचारलं.

“आत्ता नको,” सासूबाई म्हणाल्या आणि आपले दोन्ही हात मांडीवर उपडे ठेवले, कशालाही लागू नयेत असे.

“थकलात?”

“नाही गं.”

वाटेत फोन वाजला. म्हाताऱ्याच्या घरून होता. आज सुट्टी घेतली होती तर उद्या जरा लवकर याल का, त्याच्या पाठीला पुन्हा फोड आलेत, आम्हाला बाई बघवत नाही. सासूबाई म्हणाल्या, “येते. तोवर कुशीवर ठेवा. पावडर टाकू नका.” मग फोन बंद करून खिडकीबाहेर बघत बसल्या. सुनेला विचारायचं होतं, महिनाअखेर काय करायचं. विचारलं नाही. उत्तर तिला माहीत होतं: नोकरी तिचीच जाणार होती. घरी बसून बाळ सांभाळणारी तीच उरली होती, आणि दुसऱ्याच्या बापाची पाठ पुसायला सासूबाई.

घराशी पोचल्यावर सुनेने पुढच्या दाराला किल्ली लावली. मागे वळून बघते तो सासूबाई नाहीत. त्या घराला वळसा घालून मागच्या अंगणाकडे निघाल्या होत्या.

“आई, इकडून या ना. दार उघडलंय.”

“तू जा. बाळाला आत ने, त्याचे कपडे बदल. माझे धुतलेले कपडे मागच्या दाराच्या कडीला अडकव. आणि पाणी तापत ठेव, कडकडीत.”

नवरा आज लवकर घरी आला होता. स्वयंपाकघराच्या खिडकीतून त्याने मागे बघितलं.

“निकाल विरुद्ध लागला?” त्याने विचारलं.

“हो. पण तिकडून का गेल्या त्या?”

“मी लहान असताना वॉर्डातून आली की अशीच मागून यायची,” तो म्हणाला. “अंघोळ होईपर्यंत आम्हाला जवळ येऊ द्यायची नाही. मी दाराच्या फटीतून हाका मारायचो. निवृत्त झाल्यापासून बंद झालं होतं.” मग तो तिच्याकडे वळला. “आज कुठे, रुग्णालयात गेला होतात का?”

“नाही. कोर्टातच.”

तिने पाणी तापवलं आणि बादली दाराबाहेर नेऊन ठेवली. सासूबाई मागच्या न्हाणीतून न्हाऊन बाहेर आल्या तेव्हा संध्याकाळचं ऊन भिंतीवर होतं. केसांतून पाणी ठिबकत होतं. कोर्टात नेलेले चांगले कपडे, वर्षातून दोनदा घालायचे ते, त्यांनी दुसऱ्या बादलीत भिजत घातले होते, आणि त्या बादलीशी उकिडव्या बसून ते वरखाली दाबत होत्या. सून बाळाला घेऊन उंबऱ्यात उभी राहिली. बाळाने आजीकडे झेप घेतली.

“थांब रे राजा,” सासूबाई म्हणाल्या. “झालंच.”

सुनेने बादलीत डोकावून बघितलं. पाणी स्वच्छ होतं. तळ दिसत होता. सासूबाईंनीही ते बघितलं. मग त्यांनी सगळं पाणी ओतून दिलं आणि बादली पुन्हा भरायला नळाखाली लावली.